सहावीतल्या मुलीच्या दप्तरात सापडलेली डबी

आदरणीय ताई,

मी कऱ्हाडजवळ राहते. मिस्टर पतसंस्थेत आहेत. आम्हाला दोन मुली. मोठी सहावीत आहे, ती माझ्या वळणावर गेली, सावळी आहे. धाकटी बालवाडीत, सासूबाईंसारखी गोरी. सासूबाई धाकटीला 'परी' म्हणतात आणि मोठीला लाडाने 'काळूबाई'. दर रविवारी डाळीचं पीठ आणि साय घेऊन मोठीला घासत बसतात. मोठीच्या वेळी मला केशर-दुधाने मळमळायचं म्हणून मी ते घेतलं नव्हतं. धाकटीच्या वेळी सासूबाईंनी समोर बसून पाजलं. त्यामुळे मोठीच्या रंगाची चूक माझी, असं आमच्या घरात ठरून गेलं आहे.

मोठी खो-खो छान खेळते, शाळेच्या संघात होती. दिवाळीनंतर तिने सरावाला जाणं सोडलं. विचारलं तर म्हणाली, "उन्हाने रापते ना मी."

गेल्या महिन्यात तिच्या दप्तरात एक छोटी पांढरी डबी सापडली. माझ्या नणंदेने पार्लरमधून आणून दिली होती. त्या स्वतः दोन वर्षं तेच क्रीम लावतात. डबीवर काहीही छापलेलं नाही. लेक दोन महिने रोज रात्री लावत होती. खरं सांगते, चेहरा उजळला. घरी सत्यनारायण होता तेव्हा सगळ्या बायका म्हणाल्या, "पोर उजळली हो!" त्या दिवशी ती इतकी खूश होती की तिला तसं मी कधी पाहिलं नव्हतं. नंतर मी डबी काढून घेतली, तर चार दिवसांत चेहरा लाल झाला, आग व्हायला लागली, पुटकुळ्या आल्या. रडून रडून तिने डबी परत घेतली. लावलं की आता बरं वाटतं म्हणते.

सासूबाई वाईट नाहीत. लेकीला ताप आला तर रात्रभर उशाशी बसतात. पण लग्नकार्यात चारचौघींत म्हणतात, "हिच्यासाठी आत्तापासून सोनं जमवायला हवं." मिस्टर म्हणतात, आई जुन्या वळणाची आहे, तू मनावर घेऊ नकोस. मी लेकीला सांगते, तू सुंदर आहेस, विठोबासुद्धा सावळाच आहे, शिकून मोठी हो म्हणजे कोणी बोलणार नाही. ती ऐकून घेते आणि आरशापुढे जाऊन उभी राहते. तिचा आत्मविश्वास कसा वाढवू?

– एक आई


ताई,

तुमच्या प्रश्नाकडे मी येते, पण आधी ती डबी.

आज रात्रीपासून क्रीम बंद करा आणि दोन दिवसांच्या आत लेकीला त्वचारोगतज्ज्ञांकडे घेऊन जा. डबी फेकू नका, सोबत न्या. किती दिवस लावलं, मध्ये बंद केल्यावर काय झालं, हे सगळं डॉक्टरांना सांगा. तोपर्यंत आग झाली तर गार पाण्याची घडी ठेवा आणि साधं व्हॅसलीन लावा. हळद, लिंबू, टूथपेस्ट असलं काहीही नको. आणि डॉक्टर ओरडतील अशी भीती लेकीच्या मनात असणार, ती आधीच काढून टाका. त्यांच्याकडे अशा मुली, बायका आणि हल्ली मुलगेही सारखे येत असतात.

डबीत काय आहे ते तपासल्याशिवाय सांगता येणार नाही. पण तुम्ही लिहिलंय तो क्रम, म्हणजे आधी झटपट उजळणं, बंद केल्यावर लाली आणि आग, परत लावलं की आराम, हा डॉक्टरांच्या चांगल्या ओळखीचा आहे. असं झालं की पहिला संशय स्टेरॉइडचा येतो. बीटामेथासोन, मोमेटासोन, क्लोबेटासोल ही औषधं इसब, सोरायसिस अशा विकारांवर ठरावीक दिवसांसाठी देतात. चेहऱ्यावर लावली की त्वचेतल्या बारीक रक्तवाहिन्या आक्रसतात, रंगद्रव्य तयार होणं मंदावतं आणि चेहरा तुकतुकीत, उजळ दिसतो. पुढे कातडी पातळ होत जाते. लाल शिरा दिसायला लागतात, पुटकुळ्या उठतात, गालांवर लव वाढते, उन्हात गेलं की चेहरा जळतो. औषध थांबवलं की हे सगळं एकदम उसळतं, म्हणून माणूस परत त्याच डबीकडे जातो. तुमच्या लेकीने रडून डबी मागितली त्याला हट्ट समजू नका. तिचा चेहरा खरोखर भाजत होता.

वांगासाठी डॉक्टर जी तीन औषधं एकत्र असलेली ट्यूब लिहून देतात, त्यातही स्टेरॉइड असतं आणि तीही थोड्या आठवड्यांपुरतीच लावायची असते. पण एकीला मिळालेली ट्यूब जावेकडे जाते, जावेकडून शेजारणीकडे, आणि बघता बघता ते 'गोरं व्हायचं औषध' होऊन बसतं. २०१८ मध्ये केंद्र सरकारने बऱ्याच स्टेरॉइड मलमांना डॉक्टरांची चिठ्ठी सक्तीची केली. बिननावाच्या डबीत काय कालवलंय याला मात्र कोणाचीच चिठ्ठी लागत नाही.

दुसरा संशय पाऱ्याचा, आणि तो जास्त गंभीर आहे. पारा त्वचेतलं रंगद्रव्य बनू देत नाही, म्हणून स्वस्तात गोरं करणाऱ्या क्रीममध्ये तो घालतात. आपल्याकडच्या नियमाप्रमाणे अशा क्रीममध्ये दहा लाखांत एक भागापेक्षा जास्त पारा असता कामा नये. प्रत्यक्षात काय होतं ते अकोल्यात दिसलं. एका तरुणीने ब्यूटीशियनकडचं क्रीम लावायला सुरुवात केली, मग तिची आई आणि बहीणही लावू लागल्या, आणि तिघींनाही मूत्रपिंडाचा विकार झाला. मुंबईत केईएम रुग्णालयात ते क्रीम तपासलं तेव्हा त्यात पारा निघाला. २०२३ मध्ये ही बातमी आली होती. केरळमध्ये मलप्पुरम जिल्ह्यातल्या कोट्टक्कलच्या डॉक्टरांनी मूत्रपिंडाच्या एका विकाराचे २२ रुग्ण अभ्यासले. त्यातल्या १५ जणांमध्ये त्या विकाराचा एक विशिष्ट प्रकार सापडला आणि त्या १५ पैकी १३ जण गोरं होण्याचं क्रीम लावत होते. म्हणून डॉक्टरांना स्वतःहून विचारा, लघवीची तपासणी करायची का? लेकीच्या पायांवर किंवा डोळ्यांभोवती सूज दिसली, लघवीला फेस येत असला, तर त्याच दिवशी सांगा. घाबरू नका. वेळेत लक्षात आलं, क्रीम थांबलं आणि नीट उपचार झाले की बहुतेकांची प्रकृती सुधारते.

आता पुढच्या काही आठवड्यांबद्दल, कारण खरी कसोटी तिथे आहे. क्रीम थांबल्यावर लेकीचा चेहरा काही काळ पूर्वीपेक्षा वाईट दिसेल. लाल होईल, खडबडीत होईल, कदाचित आधीपेक्षा काळसर दिसेल. नेमकं तेव्हाच कोणीतरी म्हणणार, "अगं, परत काळवंडली की!" सत्यनारायणाला ज्या बायकांनी कौतुक केलं त्याच म्हणतील. याची तयारी आजच करा. लेकीला आधीच सांगा की चेहरा महिना-दोन महिने असा राहील, हा औषधाचा परिणाम आहे आणि तो कमी होत जाईल. आणि पाहुण्यांना द्यायचं उत्तर तुमच्या जिभेवर तयार ठेवा: "चुकीच्या क्रीमने चेहऱ्याला त्रास झालाय, डॉक्टरांचे उपचार चालू आहेत." एवढं म्हणा आणि चहाचं बघायला उठा. लेक शेजारी उभी असेल तर तिच्यादेखत म्हणा. आपली आई चारचौघींत आपल्या बाजूने बोलली, हे तिच्या कानावर पडू दे.

केशर-दुधाचं एकदाचं निपटून टाकते. पोटातल्या बाळाचा रंग आईच्या खाण्यापिण्याने बदलत नाही. केशराने नाही, नारळाच्या पाण्याने नाही, आणि आईने लोहाच्या गोळ्या घेतल्या म्हणून बाळ काळंही होत नाही. हे शेवटचं मुद्दाम लिहिते, कारण त्या भीतीने कित्येक गरोदर बायका लोहाच्या गोळ्या गुपचूप फेकून देतात. रंग ठरवणारी रंगसूत्रांतली जनुकं बरीच असतात. प्रत्येक मुलाला त्यातली निम्मी आईकडून, निम्मी बापाकडून मिळतात आणि कोणती निम्मी हे दरवेळी नव्याने ठरतं. त्यांतल्या एसएलसी२४ए५ नावाच्या जनुकावर हैदराबादच्या सीसीएमबी संस्थेतल्या संशोधकांचा अभ्यास २०१३ मध्ये प्रसिद्ध झाला. या एका जनुकातल्या छोट्याशा फरकाने भारतीयांच्या रंगात बराच फरक पडतो. त्या फरकाच्या प्रती आईबापांपैकी कोणाकडून किती आल्या यावर सख्ख्या बहिणींचे रंग वेगळे होतात. मोठीच्या वेळी तुम्हाला दूध पचत नव्हतं, धाकटीच्या वेळी पचलं, आणि धाकटी गोरी झाली. दोन गोष्टी एकापाठोपाठ घडल्या, एवढंच. तुमच्याकडून काहीही चुकलेलं नाही. आणि मुळात सावळी लेक जन्माला येणं ही कोणाची 'चूक' कशी असेल? हा प्रश्न तुम्हीही कधी विचारला नाहीत, याचं मला वाईट वाटलं.

आता आत्मविश्वासाचं.

तुमच्या लेकीच्या आत्मविश्वासाला काही झालेलं नाही, ताई. मुलगी हुशार आहे आणि तिने घर अगदी बरोबर वाचलं आहे. धाकटीचं नाव परी, आपलं काळूबाई. धाकटी रविवारी खेळते, आपल्याला घासतात. आपल्या लग्नाला जास्त सोनं लागणार. चेहरा उजळला त्या दिवशी सगळं घर खूश झालं. एवढ्या गोष्टी डोळ्यांसमोर असताना अकरा वर्षांच्या मुलीने डबी शोधली, तर तिचा हिशोब कुठे चुकला? अशा वेळी तिला 'स्वतःवर प्रेम कर' म्हणायचं म्हणजे मोठ्यांनी करायचं काम तिच्या गळ्यात घालायचं.

म्हणून 'तू सुंदर आहेस' हे थोडे दिवस बाजूला ठेवा. ते खोटं आहे असं मी म्हणत नाही. पण ती ऐकते आणि आरशापुढे जाते असं तुम्हीच लिहिलंय. आपण सुंदर आहोत की नाही हीच सगळ्यात मोठी बाब आहे, हे त्या वाक्यातून तिला परत एकदा कळतं. विठोबाचंही तसंच. पंढरीच्या सावळ्या देवापुढे डोकं टेकवून घरी आल्यावर सुनेच्या रंगाला नावं ठेवणारी माणसं आपण सगळ्यांनी पाहिली आहेत, तुमच्या लेकीनेही पाहिली असतील. देवाला जे चालतं ते आपल्याला चालत नाही, हे मुलांना फार लवकर कळतं.

आणि 'शिकून मोठी हो, मग कोणी बोलणार नाही', हे तर तिला कृपा करून सांगू नका. शारदा मुरलीधरन केरळच्या मुख्य सचिव होत्या. राज्याच्या प्रशासनात त्याहून वरचं पद नाही. त्यांच्या आधी त्याच पदावर त्यांचे पती होते. २०२५ च्या मार्चमध्ये त्यांनी जाहीरपणे लिहिलं की, पतीचा कार्यकाळ जेवढा पांढरा तेवढाच तुमचा काळा, असं कोणीतरी त्यांना ऐकवलं होतं. त्याच लिखाणात त्यांनी सांगितलं, की चार वर्षांच्या असताना त्यांनी आईला विचारलं होतं, मला परत पोटात घालून गोरी करून बाहेर काढशील का? आयएएस होऊन, इतकी वर्षं कारभार हाकून, पार निवृत्तीच्या उंबरठ्यावर आलेल्या बाईलाही लोकांनी रंगावरून ऐकवायचं सोडलं नाही. तेव्हा शिक्षणाने हे थांबेल असं वचन लेकीला देऊ नका. तिने शिकावं ते तिच्यासाठी. बोलणाऱ्यांचं तोंड बंद करायचं ओझं तिच्यावर नको. त्या लिखाणातली आणखी एक गोष्ट मला तुमच्यासाठी मोलाची वाटते. काळ्या रंगात सौंदर्य आहे हे त्यांना त्यांच्या मुलांनी दाखवलं. म्हणजे इतक्या उशिरा का होईना, फरक पडला तो घरातल्या माणसांच्या नजरेने. तुमची लेक अजून अकराच वर्षांची आहे आणि तिच्याभोवती चार मोठी माणसं आहेत.

या चौघांपैकी पहिलं काम तिच्या बाबांचं आहे. सासूबाईंशी तुम्ही बोलायचं नाही, त्यांनी बोलायचं. सून बोलली की तो सासू-सुनेचा वाद होतो आणि लेकीचा विषय बाजूलाच राहतो. मुलगा बोलला की आई ऐकते, निदान घोटाळ्यात तरी पडते. 'आई जुन्या वळणाची आहे' असं म्हणून ते जे सोडून देतात, ते सोडलेलं सगळं तुमच्या लेकीच्या वाट्याला येतं. हे पत्र त्यांना वाचायला द्या. नऊ ते दहाच्या मध्ये टीव्ही बंद करून, मुली झोपल्यावर, त्यांनी आईशेजारी बसावं आणि सरळ म्हणावं: "आई, दप्तरात सापडलेल्या त्या डबीने पोरीचा चेहरा भाजला. कदाचित मूत्रपिंडालाही अपाय झाला असेल, तपासायला नेतोय. तिने हे का लावलं, ते आपल्या सगळ्यांना माहीत आहे. आजपासून या घरात तिच्या रंगाबद्दल कोणी काही बोलायचं नाही. काळूबाई नाही, उजळली नाही, काळवंडली नाही, सोनं जमवायचं नाही. रविवारचं ते पीठही बंद."

सासूबाई म्हणतील, मी तर लाडाने म्हणते. त्यांचा लाड खरा आहे, रात्रभर उशाशी बसणारी आजी मला तुमच्या पत्रात दिसली. पण लाडाने घेतलेलं नाव म्हणून ते कमी लागत नाही. उलट परक्याचं बोलणं मूल झटकून टाकतं, आजीचं बोलणं खरं मानतं.

त्यांच्या सोन्याच्या बोलण्यामागे भीती आहे, हेही समजून घ्या. त्यांनी लग्नाचा बाजार जवळून पाहिला आहे. कांद्यापोह्यांचं ताट घेऊन आलेल्या मुलीकडे आधी कोण काय बघतं, बाहेर पडल्यावर जिन्यात काय बोलतात, 'मुलगी चांगली आहे पण' याच्या पुढे काय येतं, आणि मग तो 'पण' मिटवायला किती तोळे लागतात. सावळ्या रंगाचा दंड हुंड्याच्या रूपाने वसूल होतो. हुंड्याला १९६१ पासून कायद्याने बंदी आहे. तरी आजी नातीच्या अकराव्या वर्षी सोन्याचा हिशोब करते, कारण तिने तो होताना पाहिलाय. बाजार थोडा हलला आहे, नाही असं नाही. १९७५ पासून विकल्या जाणाऱ्या फेअर अँड लव्हलीला २०२० मध्ये नावातलं 'फेअर' काढावं लागलं, आता ते ग्लो अँड लव्हली आहे. त्याच वर्षी शादी डॉट कॉमला रंगावरून स्थळं निवडण्याची सोय बंद करावी लागली, तीही ती वापरणाऱ्या मुलींनी आवाज उठवल्यावर. पण नाव बदललं तरी ट्यूब दुकानात आहेच, आणि सोय बंद झाली तरी बायोडाटासोबतचा फोटो स्टुडिओवाला न विचारता उजळून देतो. तेव्हा सासूबाईंची भीती उगाच आहे असं त्यांना सांगू नका, त्या खोटं मानतील. त्यांना एवढंच विचारा, की रंगासाठी सोनं मागणाऱ्या घरात तुम्हाला ही नात द्यायची आहे का?

आणखी एक गोष्ट, जी घराघरात असते पण बोलली जात नाही. गोऱ्या रंगाचं हे वेड नुसतं दिसण्यापुरतं नाही. जो उन्हात राबतो तो रापतो, आणि शेतात, रस्त्यावर, वीटभट्टीवर कोणी राबायचं हे आपल्याकडे पिढ्यान् पिढ्या जातीने ठरवलं. म्हणून गोरा रंग म्हणजे वरचं घर आणि काळा म्हणजे खालचं, असं समीकरण आपल्या डोक्यात घट्ट बसलं. सावळ्या मुलीबद्दल 'आपल्यातली वाटत नाही' असं म्हणतात, तेव्हा तिच्या रंगाआडून दुसऱ्या कोणाला तरी कमी लेखलेलं असतं. वास्तविक कोणत्याही जातीत, कोणत्याही घरात, तुमच्याच घरात बघा, सगळे रंग सापडतात. हे सगळं सासूबाईंना एका बैठकीत पटणार नाही. पण तुम्हा दोघांना स्पष्ट असू द्या. मुलीला तुम्ही वाचवत असाल तर ते 'ती तशी काळी नाहीये' अशा वाक्यांनी नको. समजा ती आणखी काळी असती, तर बोललेलं चाललं असतं का?

लेकीशी तुम्ही बोला. तिच्या केसांना तेल लावताना, भाजी निवडताना, हात कामात असताना. समोर बसवून डोळ्यांत बघून नको. म्हणा: "घरात तुझ्या रंगावरून जे बोललं गेलं ते चूक होतं. मी ऐकून गप्प बसायचे, तेही चूक होतं. आता कोणी बोललं तर मी गप्प बसणार नाही." मग थांबा. ती लगेच काही बोलणार नाही. कदाचित म्हणेल, "पण मी आहेच ना काळी." तेव्हा नाही म्हणू नका. म्हणा, "हो, तू सावळी आहेस, माझ्यासारखी." आणि हे म्हणताना तुमचा आवाज पडता कामा नये. त्यासाठी तुम्हाला स्वतःशी थोडं बसावं लागेल. तुमच्या पत्रात तुम्ही स्वतःच्या रंगाबद्दल एका ओळीत उरकलंत. लग्नाआधी, लग्नानंतर तुम्ही काय काय ऐकून घेतलंत? लेकीला सांगण्यासारखं असेल तर कधीतरी सांगा. तुम्ही फोटोत मागे उभ्या राहत असाल, 'हा रंग मला उठून दिसत नाही' म्हणून आवडीची पिवळी साडी परत करत असाल, तर ते ती बघते आहे. तुमच्या मोबाइलच्या कॅमेऱ्यात चेहरा आपोआप गोरा करणारी सोय चालू असेल तर ती आजच बंद करा.

खो-खो परत सुरू झालाच पाहिजे. मला तुमच्या पत्रातली ही ओळ सगळ्यात जास्त टोचली. पाटीवर बसलेल्या खेळाडूला खो मिळाला की विचार करायला वेळ नसतो, धावायचं असतं, आणि त्या मिनिटांत आपण कसे दिसतो हे कोणाच्या ध्यानीमनी नसतं. मुलीकडे अशी एक जागा होती आणि ती उन्हापायी गेली. स्टेरॉइडने त्वचा नाजूक झालेली असेल तर थोडे दिवस कडक ऊन टाळावं लागेल. डॉक्टरांना नेमकं विचारा, कधीपासून मैदानावर पाठवू, टोपी आणि सनस्क्रीन लागेल का? सनस्क्रीन भाजलेल्या कातडीला जपायला लावायचं आहे, गोरं राहायला नाही, हेही तिला सांगा. तोवर सकाळी लवकर किंवा संध्याकाळी सराव जमेल का, ते खेळाच्या सरांना भेटून विचारा. पहिल्या दिवशी तिच्या बाबांनी तिला मैदानावर सोडावं आणि सराव संपेपर्यंत तिथेच थांबावं. रापल्याने त्वचेला काही अपाय होत नाही अशा भ्रमात मी नाही, पण रंगद्रव्य हे कातडीचं उन्हापासूनचं संरक्षण आहे. काळ्या आणि गोऱ्या माणसाच्या त्वचेत रंग बनवणाऱ्या पेशी साधारण सारख्याच असतात, फरक असतो तो त्या किती आणि कसा रंग बनवतात याचा. सहावीच्या मुलीला हे समजतं. डॉक्टरांनाच ते तिला सांगायला सांगा.

धाकटीला विसरू नका. ती बालवाडीत आहे, पण 'परी' का म्हणतात ते तिला कळायला लागलं असेल. माझ्यावर प्रेम आहे ते मी गोरी आहे म्हणून, असं शिकलेलं मूल पुढे प्रत्येक उन्हाळ्याला घाबरतं, आणि ताईला कमी लेखायलाही शिकतं. दोघींना घरात त्यांच्या नावानेच हाक मारा.

शेवटचं तुमच्या नणंदेबद्दल. त्यांच्यावर रागावू नका, निदान आत्ता तरी. भाचीला डबी आणून दिली ती वाईट करायला नाही. दोन वर्षं रोज रात्री स्वतःला ते लावणाऱ्या बाईला सासरी काय ऐकावं लागत असेल, याचा विचार करा. फोन करा आणि सांगा की भाचीचा चेहरा भाजला, क्रीम आजच बंद करा, त्वचारोगतज्ज्ञांना दाखवा आणि लघवीची तपासणी करून घ्या. पोरीने दोन महिने लावलंय, त्यांनी दोन वर्षं. त्यांची तपासणी जास्त तातडीची आहे. पायांना सूज येते का, थकवा वाटतो का, ते विचारा. पार्लरचं नाव-पत्ता त्यांच्याकडून घ्या आणि डॉक्टरांच्या चिठ्ठीसह जिल्ह्याच्या अन्न व औषध प्रशासनाच्या कार्यालयात लेखी तक्रार द्या, कारण त्या पार्लरमध्ये आजही कोणीतरी तीच डबी विकत घेत असेल. एकट्याने जायचा धीर होत नसेल तर नणंदेला सोबत घ्या.